मोठ्या अकॅडमीचा तिसरा कीपर की गावातल्या टीमचा पहिला?

मिरजेहून एका ताईंनी विचारलंय. मुलगा आठवीत, तेरा पूर्ण झालीत, शाळेच्या टीमचा गोलकीपर, उंची पाच फूट पाच इंच. पुण्यातल्या एका निवासी अकॅडमीच्या ट्रायलमध्ये सिलेक्ट झालाय पण तिथे त्याच्याच वयाचे दोन कीपर आधीपासून आहेत आणि कोचने स्पष्ट सांगितलंय की पहिलं वर्षभर हा तिसरा राहील. फी भरपूर, त्यात ओळखीतला एकजण म्हणतोय की अजून थोडे टाका, थेट स्पेनला ट्रायल लावून देतो. तर पाठवावं का, उंची पुरेल का, आणि प्रोफेशनल व्हायला किती वर्षं लागतात?

मी बरीच वर्षं फक्त कीपरच शिकवतोय, पुण्या-मुंबईकडची पोरं जास्त, कोल्हापूरचीही बरीच, त्यामुळे जरा लांबलचक लिहितो, चालवून घ्या.

ताई, तिसरा कीपर म्हणून यंदा पाठवू नका. अकॅडमी वाईट आहे असं अजिबात म्हणत नाही, पण तेराव्या वर्षी कीपरला सगळ्यात जास्त कशाची गरज असते तर मॅचची. विंगर बेंचवर असला तरी शेवटची वीस मिनिटं त्याला मिळतात, कोणी दमतं, कोणी दुखावतं, कोच चेंज करतो. कीपर कोणी बदलत नाही हो. पहिला कीपर धडधाकट असेल तर दुसऱ्याला सीझनमध्ये दोन-तीन मॅच मिळतात आणि तिसऱ्याला युनिफॉर्म मिळतो. प्रॅक्टिसमध्ये पकड सुधारते, डाइव्ह सुधारते, पण क्रॉसला, म्हणजे बाजूने गोलसमोर येणाऱ्या उंच बॉलला, बाहेर यायचं की लाइनवर थांबायचं, डिफेंडरला कधी ओरडून सांगायचं, ०-१ ने मागे असताना डोकं कसं शांत ठेवायचं, हे फक्त मॅचमध्येच कळतं आणि तेही दहा वेळा चुकल्यावर. माझं मत विचाराल तर या वयात वर्षाला पंचवीस-तीस मॅच खेळायला मिळतील ती जागा चांगली, मग तिथला टर्फ साधा असला तरी चालेल.

लोक उदाहरण देतात इटलीच्या कीपर डोनारुम्माचं. खरंय, मिलानने त्याला २५ ऑक्टोबर २०१५ ला सासुओलोविरुद्ध उतरवला तेव्हा तो सोळा वर्षं आठ महिन्यांचा होता. पण असा एखादाच निघतो आणि त्याच्यावरून आपल्या पोराचं गणित मांडायचं नसतं. मी पालकांना एमिलियानो मार्टिनेझची गोष्ट सांगतो. अर्जेंटिनातल्या इंडिपेंडिएंटेच्या अकॅडमीतून २०१० मध्ये सतराव्या वर्षी इंग्लंडच्या आर्सेनलला गेला, एवढा मोठा क्लब, घरच्यांना वाटलं असेल झालं आता. पुढची दहा वर्षं ऑक्सफर्ड, शेफिल्ड वेन्सडे, रॉदरहॅम, वुल्व्ह्ज, गेटाफे, रेडिंग असा लोनवर, म्हणजे तात्पुरता दुसऱ्या क्लबला उसना, फिरत राहिला, जून २०२० मध्ये पहिला कीपर लेनो दुखावला तेव्हा कुठे सलग खेळायला मिळालं. त्यानंतर दोन-अडीच वर्षांत तो वर्ल्ड कप जिंकून गोल्डन ग्लोव्ह, म्हणजे सर्वोत्तम कीपरचं बक्षीस, घेऊन गेला. देशाकडून पहिली मॅच अठ्ठाविसाव्या वर्षी. एडुआर मेंडीचं तर त्याहून अवघड, २०१४ मध्ये फ्रान्समधल्या शेरबूर नावाच्या छोट्या क्लबने करार वाढवला नाही, बावीस वर्षांचा पोरगा वर्षभर बेकार होता, आणि २०२१ मध्ये चेल्सीकडून चॅम्पियन्स लीग जिंकला. म्हणजे कीपर पिकतो उशिरा. तुमच्या मुलाकडे वेळ आहे, घाई करून बेंच विकत घ्यायचा नाही एवढंच.

आपल्याकडचं बघा. २०१७ ला अंडर-१७ वर्ल्ड कप भारतात झाला, दिल्लीत आपल्या तिन्ही मॅच, तिन्ही हरलो, पण मणिपूरचा धीरज सिंग सगळ्यांच्या डोळ्यांत भरला. त्याचा बदली कीपर होता लुधियानाचा प्रभसुखन गिल, त्याचं नाव तेव्हा कोणाला माहीत नव्हतं. धीरज स्कॉटलंडला मदरवेलकडे ट्रायलला जाऊन आला, करार झाला नाही, मग आयएसएलमधले (इंडियन सुपर लीग, आपली वरची लीग) केरला ब्लास्टर्स, मग एटीके, तिथे बराच काळ बेंच. २०२१ च्या सुरुवातीला एफसी गोवाने घेतला आणि त्याच एप्रिलमध्ये गोव्यात फातोर्ड्याला आशियाई क्लबांच्या एएफसी चॅम्पियन्स लीगमध्ये अल रय्यान आणि अल वाहदासारख्या टीमना त्याने शून्यावर रोखलं. तोच पोरगा, फक्त आता ग्लोव्हज त्याच्याकडे होते. आणि गिल? तो इंडियन ॲरोजकडून आय-लीगमध्ये मोठ्या माणसांविरुद्ध मॅच खेळत राहिला, नंतर बेंगळुरूत थांबला, केरलात थांबला, २०२१-२२ च्या सीझनमध्ये पहिला कीपर आल्बिनो गोम्स दुखावल्यावर आत गेला तो बाहेर आलाच नाही, त्या वर्षीचा आयएसएलचा गोल्डन ग्लोव्ह त्याचा. वाट बघणं दोघांनाही चुकलं नाही, पण वाट बघायच्या आधी हाताखालून मॅच गेलेल्या होत्या म्हणून संधी आली तेव्हा पाय लटपटले नाहीत. गुरप्रीत सिंग संधूही चंदीगडच्या सेंट स्टीफन्स अकॅडमीतून ईस्ट बंगाल, मधे पैलान ॲरोजकडे लोनवर, २०१४ ला नॉर्वेच्या स्टाबेककडे, तिथे दोन वर्षं जवळजवळ दुसऱ्याच्या मागे, आणि ३० जून २०१६ ला युरोपा लीगच्या क्वालिफायिंग मॅचमध्ये उतरलेला पहिला भारतीय. नॉर्वेला गेला तेव्हा बावीस वर्षांचा होता, तेराचा नाही.

हे ॲरोजचं जे होतं ना, फेडरेशनची पोरांची टीम सीनियर लीगमध्ये, ती २०२२ मध्ये बंद केली. माझ्या मते कीपरच्या दृष्टीने हे मोठं नुकसान झालं, कारण अठरा ते एकवीस हा खरा खड्डा आहे आणि त्यावरचा पूल तोच होता. आता रिलायन्सची डेव्हलपमेंट लीग आहे, आयएसएल क्लबच्या ज्युनिअर टीम तिथे खेळतात, ती चांगलीच आहे, पण समवयस्क पोरांविरुद्ध खेळणं वेगळं आणि तिशीतला धिप्पाड स्ट्रायकर कॉर्नरला अंगावर येतो ते वेगळं.

आणि इथे तुमच्या भागाचा एक फायदा आहे जो तुमच्या लक्षात आला नसेल. मिरजेपासून कोल्हापूर तासाभरावर. तिथे तालमींच्या टीम आहेत, पाटाकडील, दिलबहार, खंडोबा, बालगोपाल, शाहू स्टेडियमवर त्यांची मॅच असली की जो माहोल असतो तो महाराष्ट्रात दुसरीकडे कुठे सापडायचा नाही. सोळा-सतराव्या वर्षी एखाद्या तालमीच्या टीमने तुमच्या पोराला गोलमध्ये उभं केलं, मागून पब्लिक नावाने ओरडतंय, समोर विरुद्ध पेठेची टीम, हे प्रेशर कुठल्याही हॉस्टेलात शिकवता येत नाही. कोल्हापूरचा अनिकेत जाधव त्याच २०१७ च्या वर्ल्ड कपला फॉरवर्ड खेळला, म्हणजे या मातीतून वर जायची वाट आहे. अजून दोन-तीन वर्षांनी हे डोक्यात ठेवा.

आता उंची. खोटं बोलणार नाही, प्रोफेशनल लेव्हलला सहा फूट दोनच्या आसपास अपेक्षा असते, गुरप्रीत तर साडेसहा फुटांजवळ आहे. कासियास, नावास, यान सोमर हे त्यापेक्षा थोडे कमी आणि तरी जगात भारी, पण त्यांना बाकी सगळं दुप्पट चांगलं करावं लागलं. तेराव्या वर्षी पाच-पाच असेल आणि तुम्ही नवरा-बायको फार बुटके नसाल तर आत्ता यावर झोप घालवू नका, मुलगे साधारण तेरा-चौदाला झपाट्याने वाढतात, काही अजून उशिरा. त्या वाढीच्या काळात एक गंमत होते, कालपर्यंत चपळ असलेला पोरगा अचानक वेंधळा होतो, सोपे बॉल सुटतात, पायात पाय अडकतात, आणि नेमकं त्याच वेळी कोच त्याला काढतात. हात-पाय लांब झालेत, डोक्याला अजून नवीन माप कळलेलं नाही एवढंच असतं ते, सहा-आठ महिन्यांत बसतं. गुडघ्याच्या वाटीखाली टेंगूळ येऊन दुखायला लागलं तर दुर्लक्ष करू नका, वाढत्या पोरांमध्ये हे कॉमन आहे, ऑर्थोपेडिकला दाखवा, उड्या आणि डाइव्ह काही आठवडे कमी करा. आणि कोणी म्हणालं वजन उचलून उड्या मारायला लावतो म्हणजे उंची वाढेल तर तिथून निघून या.

अजून एक, गोलपोस्ट. मोठा गोल ७.३२ मीटर रुंद आणि २.४४ मीटर उंच असतो. इंग्लंडमध्ये लहान वयोगटांना कमी जणांचा खेळ आणि छोटा गोल असतो, पूर्ण मापाचा गोल थेट अंडर-१५ पासून. आपल्याकडे शाळेच्या मॅचला बाराव्या वर्षी पोराला मोठ्या माणसांच्या गोलमध्ये उभं करतात आणि बॉल डोक्यावरून गेला की सगळं ग्राउंड त्याच्यावर ओरडतं. त्या गोलचा हिशेब ठेवू नका. घरी येऊन कोणी 'आज किती खाल्ले' असं विचारत असेल तर ते आधी बंद करा, जेवढे चांगले कीपर मी तेराव्या-चौदाव्या वर्षी फुटबॉल सोडताना बघितलेत त्यातले बहुतेक याच प्रश्नाला कंटाळले होते.

मग बघायचं काय? पुढच्या मॅचला बॉल बघू नका, फक्त त्याचे पाय बघा. समोरचा शॉट मारायला पाय मागे नेतो त्या क्षणी आपला मुलगा काय करतोय? बहुतेक पोरं तेव्हाही सरकत असतात, कोणी मागे जातंय, कोणी पुढे धावतंय. चांगला कीपर त्याच्या आधी अर्धी पावलं टाकून जागा पकडतो आणि बुटाचा बॉलला स्पर्श होताना एक बारीकशी उडी घेऊन दोन्ही पायांवर उतरलेला असतो, पाय खांद्याइतके फाकलेले, टाचा जेमतेम उचललेल्या, छाती किंचित पुढे, हात कमरेच्या वर आणि शरीराच्या पुढे, तळवे बॉलकडे. जो मागे सरकताना सापडतो त्याचं वजन टाचांवर असतं आणि मग पायाजवळून जाणारा साधा जमिनीलगतचा बॉलही आत जातो, लोक म्हणतात रिफ्लेक्स स्लो आहेत. रिफ्लेक्सचा काही संबंध नाही, तो उभाच चुकीचा होता. हे थांबणं एकदा अंगात भिनलं की अर्धे सेव्ह डाइव्ह न मारताच होतात आणि सिलेक्टर लोक तेच बघत असतात, हवेत उडणारे फोटो नाही.

दुसरं म्हणजे पाय. १९९२ ला बॅकपास हातात घ्यायची बंदी आली, २०१९ पासून गोलकिक आपल्याच बॉक्समध्ये साथीदाराला देता येते, आणि २०२५ पासून आठ सेकंदांच्या वर बॉल हातात धरला तर समोरच्याला थेट कॉर्नर मिळतो, रेफरी हात वर करून शेवटचे पाच सेकंद मोजतो. म्हणजे नियमच कीपरला खेळायला लावतायत. तर मुलाला आठवड्यातून एक-दोन दिवस कीपर नसलेल्या जागेवर खेळू द्या, मिडफिल्डला घाला, डाव्या पायाने पास मारू द्या. अमरिंदर सिंग लहानपणी फॉरवर्ड होता, नंतर गोलमध्ये आला, २०१६ ला आयएसएलचा गोल्डन ग्लोव्ह आणि २०२०-२१ ला मुंबई सिटीचा कॅप्टन म्हणून ट्रॉफी. बारा-तेरालाच पूर्ण वेळ कीपर करून टाकायची काही गरज नसते.

ग्राउंडबद्दल. आपल्याकडची मैदानं दगडासारखी, त्यावर रोज डाइव्ह मारून सोळाव्या वर्षी कंबर आणि खांदा घेऊन आलेली पोरं माझ्याकडे येतात. तुमच्याकडे तालमी आहेत की! वस्तादांना विनंती करा, कुस्तीच्या आखाड्याच्या लाल मातीत डाइव्ह शिकवा, आधी बसून, मग गुडघ्यावरून, मग उभ्याने, पडताना मांडीची बाजू, कंबर, खांदा या क्रमाने टेकलं पाहिजे, कोपर आणि पोट कधीच आधी नाही. पॅडवाली शॉर्ट घ्या. ग्लोव्हज भारीतले घेऊ नका, महागडं मऊ लेटेक्स आपल्या खडबडीत जमिनीवर महिनाभरही टिकत नाही, प्रॅक्टिसला साधे आणि मॅचला जरा बरे अशा दोन जोड्या ठेवा, वापरायच्या आधी पाण्याने ओले करा, धुवून सावलीत वाळवा.

अकॅडमीचा दरवाजा कायमचा बंद करा असं म्हणत नाहीये. पंधरा-सोळाला निवासी अकॅडमी घ्यायला खरंच हरकत नाही, तेव्हा ट्रेनिंगचा दर्जा महत्त्वाचा होतो. घणसोलीची रिलायन्स फाउंडेशन यंग चॅम्प्स पूर्ण स्कॉलरशिपवर पोरं घेते, सरकारची क्रीडा प्रबोधिनी आहे, गोव्यात सेसा अकॅडमी आहे, जमशेदपूरला टाटा फुटबॉल अकॅडमी, २०११ च्या एशियन कपला कोरियाविरुद्ध हरलेल्या मॅचमध्येही ज्याने सेव्हवर सेव्ह केले तो सुब्रत पाल तिथलाच. अशा ठिकाणी निवड झाली आणि फी नाही तर दुसरा कीपर म्हणूनही विचार करा. पण कुठेही जाताना चार गोष्टी तोंडावर विचारायच्या. कीपरचा वेगळा कोच आहे का आणि त्याने कीपिंगचा लायसन्स कोर्स केलाय का. माझ्या मुलाच्या वयोगटात किती कीपर आणि गेल्या वर्षी दुसऱ्या कीपरला किती मॅच मिळाल्या. दुखापत झाली तर फिजिओ कोण. शाळा कुठली. गेल्या वर्षीच्या दुसऱ्या कीपरच्या आई-वडिलांचा नंबर मागा, नुसतं एवढं विचारलं तरी समोरच्याच्या चेहऱ्यावरून बरंच कळतं.

स्पेनवाल्याला आजच नाही म्हणा. फिफाचा नियम आहे की अठरा वर्षांखालच्या खेळाडूची एका देशातून दुसऱ्या देशात क्लब-ट्रान्स्फर होत नाही, अपवाद मोजके, आई-वडील फुटबॉलशी संबंध नसलेल्या कारणाने तिकडे राहायला गेले, किंवा युरोपियन युनियनच्या आतल्या आत सोळानंतर, असे. तुमचा मुलगा यात कुठेच बसत नाही. याच नियमावरून फिफाने २०१४ मध्ये खुद्द बार्सिलोनावर नवीन खेळाडू घ्यायची बंदी घातली होती, तर तुमच्या ओळखीच्या माणसासाठी तिकडचा कोण क्लब धोका पत्करणार? पैसे देऊन जे मिळतं तो दहा दिवसांचा कॅम्प असतो, फोटो, जर्सी, सर्टिफिकेट. मजा म्हणून जायचं तर जा, करिअर म्हणून नको. एजंट खरा असेल तर त्याच्याकडे फिफाचं लायसन्स असतं, नाव तपासता येतं. आणि कोणी 'जन्मदाखल्यात दोन वर्षं कमी करून देतो' म्हणालं तर त्याला घरात घेऊ नका, मनगटाच्या हाडांची तपासणी होते, पकडला गेला की पोराचं नाव कायमचं खराब.

वर्षं किती, तर साधारण असं धरा. पंधरापर्यंत शाळा, जिल्हा, शाळांची सुब्रोतो कप स्पर्धा. पंधरा ते अठरा अकॅडमी किंवा चांगला क्लब, अंडर-१७ लीग, राज्याच्या टीमची ट्रायल. अठरा-एकोणीसला नशीब चांगलं असेल तर पहिला करार, तोही तिसरा कीपर म्हणून, म्हणजे प्रॅक्टिस संपल्यावर स्ट्रायकर लोकांचे शॉट अडवायचं काम. तिथून दर सीझनला क्लबकडे एकच मागणी लावून धरायची, मला लोनवर पाठवा, खालच्या लीगला पाठवा, पण खेळू द्या. बावीस-चोविसाला सलग मॅच मिळाल्या तर वेळेवर आलात. आयएसएलमध्ये २०२१-२२ पासून मैदानावर चारच परदेशी चालतात आणि क्लब ते फॉरवर्ड-मिडफिल्डवर खर्च करतात, म्हणून गोलमध्ये भारतीयच दिसतात, ही आपल्या पोरांसाठी सगळ्यात मोठी जमेची बाजू. पण क्लब तेरा-चौदा, जागा तेवढ्याच, आणि कीपर पस्तिशीपर्यंत हलत नाही.

त्यात २०२५ मध्ये हक्कांच्या करारावरून लीगच अडकली, सीझन वेळेवर सुरू झाला नाही, नावाजलेले खेळाडू घरी बसून होते. म्हणून दहावी-बारावी, कॉलेज सोडायचं नाही. शासनाच्या नोकऱ्यांत खेळाडूंना पाच टक्के आरक्षण आहे, रेल्वे, पोलीस, सर्व्हिसेस म्हणजे सैन्यदलांच्या टीम आहेत, त्यांना चांगला कीपर कायम लागतो आणि संतोष ट्रॉफी या राज्यांच्या टीमच्या स्पर्धेच्या वाटेने तिकडे गेलेली माझी पोरं आज व्यवस्थित संसार करतायत आणि खेळतायतही. तो प्रोफेशनलपेक्षा कमी दर्जाचा रस्ता आहे असं त्याच्यासमोर कधी बोलू नका.

या सीझनला एक करा. प्रत्येक मॅच मोबाईलवर शूट करा, गोलच्या मागून जरा उंचावरून, पूर्ण मॅच, नुसते सेव्ह नाही, खाल्लेले गोलही त्यात हवेत, आणि बॉल दुसऱ्या टोकाला असताना तो कुठे उभा आहे हेही दिसलं पाहिजे. एप्रिलमध्ये पुण्याच्या त्या कोचला परत फोन करा, आधीच्या दोघांपैकी एखादा सोडून गेलाय का विचारा, आणि यातल्या तीन पूर्ण मॅच पाठवून द्या.